बायांचा डोह

"हौसाऽऽ," ठकूबाईनं हाक मारली. धुकं इतकं दाट होतं की डोह दिसतच नव्हता, पण पाण्यात काहीतरी मोठं वळल्याचं मला ऐकू आलं.

"ये गं माझे बाय. वाईच वर ये. पावनी आलीय बघ."

ठकूबाई काठच्या खडकावर उकिडवी बसली होती, मुठीत शिजलेला भात. मी तिच्या मागे रेनकोट घालून उभी, आणि माझ्या मागे आमच्या हॅचरीचा काळूराम मुकणे, खांद्यावर जाळं टाकून. सकाळचे दहा वाजले होते, असं घड्याळ म्हणत होतं. श्रावणात घाटाखालच्या त्या खोऱ्यात ऊन आठवडा-आठवडा उतरत नाही, त्यामुळे सकाळ काय आणि तिन्हीसांज काय, सगळं एकाच रंगाचं.

मग ती वर आली. आधी मिशा दिसल्या, मग जाड ओठांचं तोंड, मग तांब्याच्या रंगाची पाठ. खवले माझ्या तळव्याएवढे. सात वर्षं मी महासीर माशांत काढली होती, पण जंगली पाण्यातली इतकी मोठी मादी कधी बघितली नव्हती. तीन फूट तरी असेल. ठकूबाईनं भात सोडला. मादीनं तो खाल्ला नाही. ती नुसती खडकाला लागून थांबली, आणि मला तिचं पोट दिसलं. नको तितकं फुगलेलं, खालच्या बाजूला लालसर.

"अडलीय," मी माझ्याशीच पुटपुटले.

ठकूबाईनं मान वळवली. "काय म्हनलीस?"

"अंडी धरलीत पोटात, पण सोडायला जागा नाही. वरच्या ओढ्यात जायची ना दरवर्षी? आता बंधारा झाला, वाट बंद."

"ते न्हाय. त्याच्या आदी काय म्हनलीस?"

"अडलीय म्हटलं."

ती माझ्याकडे बघत राहिली. साठीची बाई, पाय सुजलेले, कपाळ मोकळं, डोळे मात्र सुईत दोरा ओवणारे. "तुला दिसलं व्हय ते," ती म्हणाली. मला वाटलं, माझ्या शिक्षणाचं कौतुक चाललंय.

या गोष्टीला आता तीस वर्षं होत आली. तेव्हा मी एकतीस वर्षांची होते, नाव वंदना खांबेटे, आणि घाटमाथ्यावरच्या एका तलावाच्या काठी आमची हॅचरी होती. हॅचरी म्हणजे माशांचं बाळंतपणाचं घर, दुसरं काही नाही. मादीच्या पोटातली अंडी हातानं काढायची, नराचं बीज त्यात मिसळायचं, पिल्लं वाढवायची आणि रिकाम्या झालेल्या नद्यांत सोडायची. आमचे प्रमुख हुद्दार सर कधीकाळी कॅस्पियन समुद्राकाठी स्टर्जन माशांच्या हॅचरीत शिकून आले होते. नव्या माणसाला ते एकच गोष्ट सांगत. तिकडे नदीवर धरण झालं, तरी स्टर्जनच्या माद्या दरवर्षी समुद्रातून वर यायच्या आणि धरणाच्या भिंतीला डोकं लावून उभ्या राहायच्या. दिवसेंदिवस, पोटात अंडी घेऊन. "पूर्वी तिथं अंड्यांसाठी मादी मारायचे," सर म्हणत. "आता न मारता काढायला शिकलेत. हॅचरीवाल्याची अक्कल ती एवढीच. घ्यायचं, पण मारायचं नाही."

आमच्या तळ्यातले महासीर दहा नद्यांचे, एकमेकांत मिसळलेले. या खोऱ्याचे अस्सल असे दोन नर तेवढे आमच्याकडे होते; बाकी वंश उरला होता तो फक्त सावरखिंड गावाच्या या डोहात, कारण इथं कुणी गळ टाकत नसे. गावचे लोक त्यांना मासे म्हणतच नसत. 'बाया' म्हणत. प्रत्येक बाईला नाव, आणि प्रत्येक बाईचं घर ठरलेलं. सरपंचांकडे परवानगी मागायला गेले तर ते म्हणाले, "मी कोन देनार? जिची बाई, तिला इचारा." तीन आठवडे दारोदार फिरले. "आमची बाई पिळायला देऊ व्हय तुमास्नी?" असं तोंडावर ऐकून घेतलं. एकीनं तर माझ्या अंगावर कुत्रं सोडलं. तशात ठकूबाईनंच एक दिवस निरोप धाडला की माझी हौसा बघून जा.

हौसा तिच्या लेकीचं नाव होतं. लेक सतरा वर्षांपूर्वी वारली, एवढं काळूरामनं कानावर घातलं होतं. दुःखी बाईनं माशाला लेकीचं नाव ठेवलं, असं मी समजले. त्यापुढे काही विचारावंसं मला वाटलं नाही. मला मादी हवी होती.

"मोकळी करशील का हिला?" ठकूबाईनं विचारलं.

"करीन की. चार दिवसांत मोकळी करते."

"नक्की?"

"शब्द देते, मावशी."

तिनं माझा हात धरला. भातानं चिकट झालेला हात होता तो. "सतरा वर्सं झाली. रोज हाक मारतीया. ल्योक म्हनतो, आई, पिंपरीला चल, हितं कोन हाय तुला? पन हिला टाकून कशी जाऊ? तू हिला मोकळी केलीस की मी मोकळी."

मला घाई होती. जाळं लावायची मात्र गरजच पडली नाही. काळूरामनं पाण्यात उतरून दोन्ही हात पुढे केले आणि ती त्याच्या हातांत आली. वीस वर्षांच्या नोकरीत असा मासा त्यानं पाहिला नव्हता. त्यानं तिला अलगद ड्रममध्ये सोडलं. ठकूबाईनं ड्रमच्या पाण्यात मूठभर तांदूळ टाकले, हळदीचं बोट लावलेली सुपारी टाकली. पाणी खराब होतं म्हणून मी कुरकुरले. तिनं वाकून ड्रममध्ये तोंड घातलं आणि म्हणाली, "भिऊ नगंस गं. ही बाय सोडवंल तुला."

हॅचरीत पोचायला दीड तास लागला. चार वाजता आम्ही तिला लवंगेच्या तेलाच्या पाण्यात घालून गुंगी दिली, ओल्या फडक्यावर आडवी केली. काळूरामनं डोकं धरलं, मी तिचं पोट कोरडं पुसून घेतलं. अंगठा छातीपासून खाली हलक्या दाबानं ओढायचा असतो. पहिल्या ओढीला काहीच आलं नाही. दुसऱ्या ओढीला थोडं पाणी, आणि मग एकदम धार लागली. पिवळीधमक अंडी, ज्वारीच्या दाण्याएवढी, पांढऱ्या परातीत सांडत राहिली. थांबेचनात. हुद्दार सर कधी येऊन उभे राहिले कळलं नाही. "बाई गं," एवढंच ते म्हणाले. खोऱ्यातल्या त्या दोन नरांचं बीज घालून कोंबडीच्या पिसानं अंडी हलवली, पाणी घातलं, ट्रेमध्ये एकेरी थर देऊन पसरली. बारा हजार होती. त्यातली नऊ हजारांवर फुटून पिल्लं निघाली, आणि आज त्या खोऱ्यातल्या चार धरणांत जे महासीर आहेत ते तिचे आहेत, हे मी आधीच सांगून टाकते. कामाच्या बाजूनं बघितलं तर माझ्या आयुष्यातला तो सर्वांत मोठा दिवस.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती कुशीवर पडली.

मी टाकीत उतरले. कमरेएवढ्या पाण्यात तिला दोन्ही हातांवर सरळ धरून, तोंड पाण्याच्या धारेकडे करून, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चालत राहिले. कल्ल्यांतून पाणी जात राहिलं तर कधी कधी मासा सावरतो. दीड तास चालले. तिचा डोळा माझ्याकडे होता. माशांना पापण्या नसतात, त्यामुळे ते बघतायत की नुसते आहेत, हे कळत नाही, असं मीच हॅचरीत शिकायला येणाऱ्या विद्यार्थ्यांना सांगत असे. त्या दिवशी मात्र मला कळत होतं. तिच्या नजरेत भीती नव्हती, हे मी आजही कुणाशी वाद घालून सांगेन. पावणेतीनला कल्ले थांबले.

"सुटली बिचारी," काळूराम टाकीच्या काठावरून म्हणाला.

"सुटली काय सुटली!" मी त्याच्यावर खेकसले. "शब्द दिला होता मी त्या म्हातारीला!"

आणि मग मी जे केलं ते शहाण्या माणसानं करू नये, आणि हॅचरीवाल्यानं तर मुळीच नाही. तीन नंबरच्या तळ्यात एक मादी होती, दूरच्या दुसऱ्या नदीची, जवळपास त्याच मापाची, त्याच रंगाची. पंधरा दिवसांपूर्वी तिची अंडी काढून झाली होती, पोट बसलेलं. ती नेऊन डोहात सोडायची, असं मी ठरवलं. परक्या वंशाची मादी, एकुलत्या एका शुद्ध डोहात. ज्या गोष्टीपासून तो डोह वाचवायला आम्ही जिवाचं रान करत होतो, तीच मी स्वतःच्या हातानं करायला निघाले होते. पुढे कधीतरी गुपचूप पकडून आणू, अशी मनाची समजूत घातली. चोराच्या वाटा चोराला ठाऊक, म्हणतात ना.

"म्याडम, खरं सांगा की," काळूराम ड्रम भरताना म्हणाला.

"काय सांगू? सतरा वर्षं जपलेली तुमची पोर आम्ही एका दिवसात मारली?"

"तसंच सांगा. त्यास्नी कळंल."

"तुला फार कळतं!"

त्यानं ड्रमला झाकण लावलं आणि तो जीपमध्ये चढवला. 

ठरल्याप्रमाणे चौथ्या दिवशी सावरखिंडीत पोचलो तेव्हा धुकं पहिल्या दिवसासारखंच होतं. वस्तीकडे न वळता मी थेट डोहावर गेले. म्हातारीनं मादी हातात घेऊन निरखू नये, म्हणून आधीच सोडून द्यायची, हा माझा बेत. काळूरामनं ड्रम कलता केला, मादी पाण्यात गेली, शेपटीचा एक फटका देऊन खाली नाहीशी झाली. आणि मागे पायवाटेवर काठीचा आवाज आला.

ठकूबाई नवं लुगडं नेसली होती. तिच्यामागे तिचा मुलगा ग्यानू, बगलेत गाठोडं, हातात पत्र्याची पेटी. वर रस्त्यावर भाड्याची जीप उभी असल्याचं तो मला सांगू लागला, पण तिनं त्याला हातानं थांबवलं.

"झाली का मोकळी?" तिनं विचारलं. तिचा चेहरा इतका उजळला होता की मला धीर आला.

"झाली. आत्ताच सोडली बघा डोहात. ठणठणीत आहे."

तिला कळलंच नाही. "कुनाला सोडली?"

"हौसाला. परत आणली तुमच्यासाठी."

तिचा चेहरा उतरताना मी बघितला. एखाद्याच्या तोंडावरचं रक्त असं डोळ्यांदेखत जाताना मी नंतरही कधी पाहिलेलं नाही. ती मटकन खाली बसली. "परत आनलीस," ती म्हणाली. "मी तुला मोकळी कर म्हनले व्हते. मोकळी झालेली बाई परत येती व्हय गं?"

मला काही उमगेना. ग्यानूनं पेटी खाली ठेवली आणि तोच सांगू लागला, मला न बघता, पाण्याकडे बघत. त्यांच्या गावात हौसासारखी बाई बाळंतपणात अडून मेली, पोटातलं पोटातच राहिलं, तर ती सुटत नाही. ती घरी परतू नये म्हणून दुसऱ्या गावांत अशा बाईच्या वाटेवर राळ्याचे दाणे टाकतात, उंबऱ्यात खिळा ठोकतात. सावरखिंडीत तसं करत नाहीत. तिच्या नावाचे तांदूळ डोहात सोडतात, पहिला जो मासा वर येईल तो ती. मग तिच्या माणसांनी तिला रोज नावानं हाक मारायची. हाक मारणारं कुणी असलं, की ती गावात फिरत नाही, डोहात राहते. आणि पुराच्या पाण्याबरोबर बाया वर ओढ्यात जातात, बाळंत होतात. त्यातली एखादी परत येत नाही. ती मोकळी झाली, असं समजायचं. मग तिला हाक मारायची नाही.

"बंधारा झाल्यापास्नं पाच वर्सांत एक बाई सुटली न्हाई," ग्यानू म्हणाला. "आई म्हनली, ही मासेवाली बाय सोडवती. तिनं बघताक्षनी वळखलं."

 म्हणजे जे लपवायला मी ही परकी मादी इतक्या लांबून आणली, तेच ऐकायला म्हातारी नवं लुगडं नेसून आली होती. माझ्या आयुष्यात मला स्वतःची इतकी लाज कधी वाटली नाही.

"मावशी, ऐका," मी तिच्यापुढे बसले. "मी खोटं बोलले. ती हौसा नाही. ती आमच्या तळ्यातली दुसरी मादी आहे. हौसाची सगळी अंडी काढली, बारा हजार, आणि परवा पावणेतीनला ती माझ्या हातात गेली. तुम्हाला वाईट वाटेल म्हणून मी..."

"खरं?"

"देवाशपथ खरं. काळूरामला विचारा."

काळूरामनं होय म्हणून मान हलवली. ठकूबाई आम्हा दोघांकडे आळीपाळीनं बघत राहिली. एकदा खोटं बोललेल्या माणसाचं खरं कुठं ठेवायचं, हा प्रश्न तिला पडला असावा. शेवटी ती काठी टेकत उठली. "बघू," म्हणाली, आणि खडकाच्या टोकाला जाऊन बसली. हातात भात नव्हता. टाळी नाही वाजवली, पाणी नाही हलवलं. साध्या आवाजात, शेजारच्या खोलीतल्या माणसाला हाक मारावी तशी ती म्हणाली, "हौसा?"

बराच वेळ काही झालं नाही. मी मनातल्या मनात देवीला नवस बोलत होते, मी, जी हॅचरीतल्या नव्या शेडच्या वास्तुशांतीलाही हसले होते.

मग तळाशी काहीतरी तांबूस हललं. ती मादी सरळ रेषेत वर आली, खडकाला लागली आणि थांबली. मला तिच्या डाव्या कल्ल्यावरचा जुना ओरखडा दिसला. आमच्या तीन नंबरच्या तळ्यातली, शंकाच नाही. तीन वर्षं ती आमच्याकडे होती, काळूरामनं बादलीवर पळी वाजवली की खायला यायची. माणसाच्या आवाजाला तिनं कधी ओ दिलेली नव्हती. तिला तसं कुणी शिकवलंच नव्हतं.

"ओ देतीय की," ठकूबाई म्हणाली.

"मावशी, आमचे मासे माणसाळलेले असतात. काठावर सावली दिसली तरी येतात."

"गप," ती म्हणाली, रागानं नव्हे. "तुला बुकातलं कळतं, मला माजी पोर कळत न्हाय व्हय?" ती वाकून त्या मादीकडे बघत राहिली आणि तिच्या गालांवरून पाणी वाहू लागलं. "अजून हितंच गं तू. पोटात काय ऱ्हायलं असंल तुज्या. ऱ्हायलंच असंल." मग माझ्याकडे न वळता म्हणाली, "परत ने. नीट मोकळी कर. झाली तरच ये, न्हायतर तोंड दावू नगंस. ग्यानू, गाठोडं घरी ठेव."

"आई, जीप उभी हाय."

"जाऊ दे जीप. पोर हितं असताना मी कुठं जाऊ?"

ग्यानूनं माझ्याकडे बघितलं. त्या बघण्यात शिव्या नव्हत्या, त्या असत्या तर बरं झालं असतं. सतरा वर्षं आईला न्यायची वाट बघणारा, कंपनीतून दोन दिवसांची रजा काढून आलेला माणूस, गाठोडं उचलून पुन्हा वस्तीकडे चढू लागला.

आम्ही त्या मादीला परत नेलं. तीही काळूरामच्या हातांत आपणहून आली. तीन नंबरच्या तळ्यात सोडल्याबरोबर ती इतरांत मिसळली, संध्याकाळी पळी वाजल्यावर पेंड खायला आली. माझी मात्र अन्नावरची वासना उडाली होती. "आता म्याडम काय करनार?" काळूरामनं विचारलं. करण्यासारखं एकच होतं, आणि गंमत म्हणजे ते सगळं खरंच होतं. रिकामा ड्रम घेऊन जायचं आणि हौसा मोकळी झाली म्हणून सांगायचं.

दोन दिवसांनी गेलो. ग्यानूनं रजा वाढवली होती. ठकूबाई डोहावरच बसली होती, त्याच नव्या लुगड्यात, ते आता चुरगळलेलं. तिनं ड्रममध्ये डोकावून बघितलं, हात घालून तळ चाचपला.

"झाली?"

"झाली, मावशी. गेली ती."

"परवा बी असंच म्हनलीस."

"परवा चुकले. आज खरं सांगतेय."

तिनं हाक मारली. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. दुसऱ्या घरांच्या दोन बाया लांब पाण्यात फिरत होत्या, त्या वळल्यासुद्धा नाहीत. खडकापाशी कुणी आलं नाही. ठकूबाई थांबली. तिच्या तोंडावर विश्वास यायला बघत होता आणि यायला भीत होता, मला ते बघवेना.

"आमच्यात डोहात हात घालून खोटं बोलत न्हाईत," ती म्हणाली. "घाल हात. कोपरापत्तूर. आन् सांग."

"आई, ऱ्हाऊ दे की आता. मोठ्या हापिसर हायेत त्या," ग्यानू म्हणाला.

"हापिसर हाय म्हून तर. घाल गं."

मी रेनकोटाची बाही वर केली, खडकावर गुडघे टेकले आणि हात कोपरापर्यंत पाण्यात घातला. पाणी काळं होतं, बोटं दिसत नव्हती. ठकूबाई माझ्या समोर बसली, अगदी तोंडासमोर तोंड आणून. तिला पाणी बघायचंच नव्हतं, ती माझा चेहरा वाचत होती.

"हौसा मोकळी झाली," मी म्हणाले.

त्या गावात मी स्वच्छ मनानं बोललेलं ते पहिलं वाक्य. आणि ते तोंडातून निघतंय तोच माझी करंगळी कुणीतरी धरली.

चावलं नाही. महासीरला तोंडात दात नसतात, घशात असतात, हे मला माहीत आहे. ओठ होते, मऊ. पण तोंड लहान होतं, फार लहान, करंगळी जेमतेम मावेल एवढं. पाच वर्षांत त्या डोहात एकही पिल्लू निपजलेलं नव्हतं. आमच्या सगळ्या धडपडीचं कारणच ते होतं, आणि तिथल्या बाया मोजून अकरा, त्यातली सर्वांत धाकटीसुद्धा दीड हात लांब. त्या लहानशा तोंडानं माझी करंगळी धरली, सोडली, पुन्हा धरली, आणि मग धरूनच ठेवली. मूल धरतं तशी. पोटातलं पोटातच राहिलं, असं ग्यानू म्हणाला होता. अंडी बारा हजार काढली होती मी, पण ते कुठं माझ्या हाती लागलं होतं?

ठकूबाई माझ्या डोळ्यांत बघत होती.

मी ओरडले असते, हात ओढला असता, नुसती पापणी जरी लवली असती, तरी ती म्हातारी त्या खडकावरून उठली नसती. पुन्हा गाठोडं घरी गेलं असतं. मरेपर्यंत ती तिथं बसून हाक मारत राहिली असती, आणि या वेळी कुणाला मारायची हेही तिला ठाऊक नव्हतं. त्याचं तर नावच ठेवलेलं नव्हतं.

"काय गं?" तिनं विचारलं. "काय झालं?"

"काही नाही, मावशी. पाणी गार आहे."

ती आणखी थोडा वेळ बघत राहिली. मग तिनं दोन्ही हात माझ्या गालांवरून फिरवून आपल्या कानशिलांवर बोटं कडाकडा मोडली. "बाळंतीन हो, सुखी ऱ्हा," म्हणाली, आणि ग्यानूच्या खांद्याला धरून उठली. पायवाटेनं वर चढताना तिनं एकदाही मागे वळून बघितलं नाही. सुटलेल्या बाईच्या डोहाकडे वळून बघायचं नसतं, असं ती ग्यानूला सांगताना ऐकू आलं. मग जीप सुरू झाल्याचा आवाज आला.

"म्याडम, उठा की," काळूराम मागून म्हणाला. "काय धरलंया?"

मी त्याला बोटानं गप्प बसायची खूण केली. जीप खिंडीपलीकडे उतरून आवाज पुरता बंद होईपर्यंत मी हात पाण्याबाहेर काढला नाही.